पांढरं कालवण

लातूरला रेल्वेनं पाणी न्यावं लागलं, त्या उन्हाळ्यात आश्रुबा नानांच्या घरी दोन गोष्टी एकाच आठवड्यात घडल्या. गावच्या दूध संस्थेनं त्यांचं दूध परत पाठवलं, आणि आटलेल्या गोदावरीनं पोटातल्या शिंपल्या उघड्यावर टाकल्या.

दुधाचं असं झालं. म्हैस चारा छावणीला बांधलेली. तिथं तिला उसाच्या वाढ्याशिवाय दुसरं काही मिळत नव्हतं. नाना रोज सकाळी छावणीवर जायचे, धार काढायचे आणि कॅन घेऊन संस्थेच्या दारात रांगेला उभे राहायचे. त्या दिवशी संस्थेचा सचिव राधाकिशन मशिनीकडे बघून मान हलवत म्हणाला, "नाना, फॅट बसंना. मशीन म्हणतंय पाणी घातलंय."

"आठ दिसाला एक टँकर येतंय गावात," नाना म्हणाले. "पाणी असतं तर दुधात कशाला घातलं असतं बे? प्यालो नसतो का?"

रांग हसली. राधाकिशनही हसला, पण दूध काही त्यानं घेतलं नाही. नाना तीन लिटर दूध घेऊन घरी आले आणि सुनेसमोर कॅन ठेवून म्हणाले, "घे. आज पहिल्यांदा आपल्या म्हशीचं दूध आपल्या घरी आलं."

सून म्हणजे द्वारका. गेवराईच्या कॉलेजातून बी.एस्सी. झालेली. नवरा बद्रीनाथ चाकणच्या कंपनीत, दोन महिन्यांतून एकदा येणारा. घरात सासू छबुबाई, सासरे, आणि अडीच वर्षांची ईश्वरी. गाव सासऱ्यांना नाना म्हणायचं, द्वारका रीतीप्रमाणे मामा म्हणायची. उमापूरच्या पुढं, नदीच्या अंगाला, शेवटचं घर त्यांचं.

द्वारकाचा जीव त्या दिवसांत एकाच गोष्टीत अडकलेला होता. ईश्वरी खात नव्हती. घास तोंडात धरून बसायची, गालाच्या कोपऱ्यात साठवायची आणि कोणी बघत नाही असं पाहून थुंकून टाकायची. पाच महिने तिचं वजन नऊ किलोच्या पुढं सरकलं नव्हतं. अंगणवाडीच्या सुंदरबाई दर महिन्याला वजनकाट्याची झोळी लावायच्या, आणि काट्याकडं बघण्याआधी द्वारकाच्या तोंडाकडं बघायच्या. द्वारकाला ते बघणं सहन व्हायचं नाही. पोरगी झोपली की ती तिच्या मनगटाभोवती आपली दोन बोटं फिरवून बघायची. बोटं एकमेकांवर चढायची.

शिंपल्या हरिबानं आणल्या. हरिबा भोई. त्याच्या मच्छीमार संस्थेनं नदीचे डोह ठेक्यानं घेतलेले, पण डोहच राहिले नव्हते. वर, पिंपळाच्या वळणाशी एक तेवढा उरला होता. बाकी पात्रात चिखल, आणि चिखल तडकला की त्यात काळ्या-हिरव्या शिंपल्या अर्धवट तोंडं उघडून पडलेल्या. मासळी मिळेना म्हणून भोयांच्या बायका त्याच वेचून नेत होत्या. हरिबानं नानांसमोर पाटी ठेवली.

"खाताव का नाना? तुमी काय समुद्रावरचं मानूस."

नानांनी एक शिंपली उचलली, कानाशी नेऊन हलवली, वास घेतला. द्वारका दारातून बघत होती. बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला तिनं हीच शिंपली मेणाच्या ट्रेमध्ये टाचण्या लावून फाडली होती आणि वहीत तिची आकृती काढली होती. ती खायची असते हे कुठल्याच पुस्तकात नव्हतं.

"द्वारका," नाना म्हणाले, "पोरगी दूध पीत न्हाई ना? खाऊ घालतो. दूधच खाऊ घालतो."

बाहत्तरच्या दुष्काळात खडी फोडायला नको म्हणून अठरा वर्षांचे नाना घरातून निघाले होते ते नौदलात आचारी झाले. पंधरा वर्षं मुंबई, कोची, विशाखापट्टण. गावाला त्यातलं फारसं काही खरं वाटायचं नाही. तिकडून येताना त्यांनी एक लांब दांड्याची डावली आणि निळ्या काठाचं चिनीमातीच्या लेपाचं पातेलं आणलं होतं. ते पातेलं तीस वर्षं माळ्यावर होतं. त्या दिवशी ते खाली उतरलं.

"ह्याला क्लॅम चाउडर म्हणतेत," नाना पातेलं पुसत म्हणाले. "साहेब लोक मागून घ्यायचे."

"काय बी म्हणू द्या," छबुबाई आतून म्हणाल्या. त्यांच्या गळ्यात तुळशीची माळ होती, वशाट, म्हणजे मासळी-मटण, त्यांनी कधी हातानं शिवलं नव्हतं. "माझ्या चुलीला लावायचं न्हाई."

"तुझ्या चुलीला कोण लावतंय?" नानांनी निंबाच्या झाडाखाली तीन विटा मांडल्या.

खरी अडचण पाण्याची होती. शिंपल्यांच्या पोटात चिखल असतो, तो त्यांना स्वतःच ओकायला लावावा लागतो. मिठाच्या पाण्यात रात्रभर ठेवायचं, पाणी बदलायचं, परत ठेवायचं. टँकरचं पाणी माणशी दोन घागरी. द्वारकानं आपल्या अंघोळीचं पाणी दिलं. छबुबाईंनी ते पाहिलं आणि आत गेल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी नानांनी शिंपल्या उकळल्या. त्यांची तोंडं उघडली तसं आतलं मांस काढून बारीक चिरलं. उकळलेलं पाणी फेकलं नाही, धोतराच्या फडक्यातून दोनदा गाळून ठेवलं. पातेल्यात लोणी टाकून कांदा परतला, लाल होऊ दिला नाही. बटाट्याच्या फोडी टाकल्या, दोन चमचे कणीक भुरभुरली, ते गाळलेलं पाणी ओतलं. बटाटा शिजला तसं मांस टाकलं. मग द्वारकाकडं पाठ करून, पातेल्यावर वाकून, त्यांनी दूध घातलं आणि वरून वाटीभर साय. शेवटी मिरपूड.

"जहाजावर त्याच्यात आणखी एक जिन्नस पडायचा," ते म्हणाले. "त्येचं नाव हितं घेतलं तर तुझी सासू मला घरात घ्यायची न्हाई."

पण सासू त्या जिनसाचं ऐकतच नव्हती. दूध पडताना तिनं बघितलं होतं. उंबऱ्यात येऊन, नाकाला पदर लावून छबुबाई म्हणाल्या, "आवं, दुधात मासळी? अंगावर पांढरं फुटंल. कोड निघंल पोरीला."

"पंधरा वर्षं खाल्लंय मी," नाना म्हणाले. त्यांनी बंडी वर करून आपलं काळं पोट दाखवलं. "हुडक. सापडलं का कुठं पांढरं?"

द्वारका हसली. हसताना तिला आपल्या आईचं आठवलं. मासे खाल्ले त्या दिवशी आई ताकसुद्धा द्यायची नाही. तिनं ते मनातून झटकलं. ती बी.एस्सी. होती.

ईश्वरी नानांच्या मांडीवर बसली. नानांनी फुंकर घालून अर्धा चमचा तिच्या ओठाला लावला. तिनं तो गालात साठवला नाही. गिळला. मग चमच्याकडं बघितलं, मग पातेल्याकडं. नानांनी दुसरा दिला, तिसरा दिला. वाटी संपली तेव्हा ती म्हणाली, "नाना, पांढलं." म्हणजे आणखी हवं होतं. द्वारका भिंतीकडं तोंड करून उभी राहिली, कारण असल्या गोष्टीला रडताना कोणी बघू नये.

त्यानंतर दर तीन-चार दिवसांनी निंबाखाली विटा तापू लागल्या. दूध संस्थेत जात नव्हतंच. शिंपल्या हरिबा आणायचा किंवा नाना स्वतः पात्रात जाऊन वेचायचे. पोरगी पांढऱ्या कालवणाच्या नादानं भाकरीही कुस्करून खाऊ लागली. महिन्यानं अंगणवाडीच्या काट्यानं सातशे ग्रॅम जास्त दाखवले. सुंदरबाई म्हणाल्या, "काय खाऊ घालतीस गं?"

"वरण-भात," द्वारका म्हणाली.

आपण खोटं का बोललो हे तिलाच कळलं नाही. घरी येताना तिनं पोरीला उन्हात उभं केलं, फ्रॉक वर करून पाठ बघितली, पोट बघितलं, मग स्वतःवरच चिडून फ्रॉक खाली ओढला.

पण तेव्हापासून ती रोज बघू लागली. आणि रोज बघणाऱ्याला एक दिवस दिसतं.

डाव्या गालावर, डोळ्याच्या खाली, मसुराच्या डाळीएवढा फिकट ठिपका. ओल्या फडक्यानं तोंड पुसलं तेव्हा आधी वाटलं कालवणच वाळून बसलंय. पुसलं. परत पुसलं. पोरगी रडायला लागली तेव्हा द्वारकाचा हात थांबला. दोन दिवस ती कोणाला काही बोलली नाही. फोनवर शोधलं तर एका ठिकाणी लिहिलेलं की असं काही नसतं, दुसऱ्या ठिकाणी लिहिलेलं की दूध आणि मासे हे विरुद्ध अन्न. तिनं दुसरं तीन वेळा वाचलं. तिसऱ्या दिवशी ठिपका वाढतोय की आहे तेवढाच आहे हे समजावं म्हणून तिनं बॉलपेननं त्याच्याभोवती बारीक रेघ ओढली.

ती रेघच नडली. शेजारच्या कडूबाई वाळवण मागायला आल्या होत्या. त्यांनी ईश्वरीची हनुवटी धरून तोंड उजेडाकडं वळवलं.

"हे काय गं, पोरीच्या गालावर पेनानं काय काढलंस?" आणि मग, आवाज खाली आणून, "आगं बाई. छबुबाई, हिकडं या जरा."

छबुबाई आल्या. बघितलं. आरडाओरडा केला नाही. होत्या तिथंच खाली बसल्या आणि कपाळाला हात लावून म्हणाल्या, "मी म्हणलं व्हतं. पोरीची जात हाय. कोण करून घेईल हिला?"

कडूबाई म्हणाल्या, "आमच्या माहेरी एक व्हती. तोंडावर निघालं. बापाच्या घरीच म्हातारी झाली."

नाना छावणीवरून येऊन कधी मागं उभे राहिले ते कोणाला कळलं नाही. हातात दुधाचा कॅन. त्यांनी नातीकडं बघितलं नाही, बायकोकडं बघितलं नाही. सरळ सुनेकडं बघितलं.

"द्वारका, तू शिकलेली हाईस. तू सांग. दुधानं हुतं का असं?"

उत्तर तिच्याजवळ होतं. तीन वर्षं तेच शिकली होती. 'नाही मामा' एवढे दोनच शब्द म्हणायचे होते, आणि ती म्हणाली असती तर कडूबाई उठून गेल्या असत्या, सासू कुरकुरत राहिली असती, आणि प्रकरण तिथंच राहिलं असतं. पण पोरगी तिची होती. गाल तिच्या पोरीचा होता. आणि नाही म्हणून उद्या ठिपका वाढला तर?

"डॉक्टरला दाखवून बघू, मामा," ती म्हणाली.

नानांनी मान डोलवली. जे ऐकायचं होतं ते त्यांनी ऐकलं होतं.

त्या संध्याकाळी निळ्या काठाचं पातेलं परत माळ्यावर गेलं. ईश्वरी झाडाखालच्या विटांशी जाऊन बसली आणि "नाना, पांढलं" म्हणत राहिली. नाना बाहेरच्या ओट्यावर होते. ते आत आले नाहीत. दुसऱ्या दिवसापासून त्यांनी तिला मांडीवर घेणं सोडलं. ती धोतराला धरून उभी राहिली की ते हळूच तिची बोटं सोडवायचे आणि म्हणायचे, "आईकडं जा." आठ दिवसांत म्हशीनंही दूध तोडलं. वाढ्यावर म्हैस किती दिवस दूध देणार, पण छबुबाई म्हणाल्या, "दुधाला वशाट लागलं, आता ती देत न्हाई." नानांनी त्यालाही मान डोलवली.

बीडला कातड्याच्या डॉक्टरकडं जायला द्वारकानं तीन आठवडे लावले. एकदा पोरीला ताप होता. एकदा टँकरचा दिवस होता. एकदा बद्रीनाथ फोनवर म्हणाला, मी आल्यावर सोबत जाऊ. ही सगळी कारणं खरी होती. पण त्यांच्या खाली एक कारण होतं ते ती कोणाला सांगू शकत नव्हती. जोवर डॉक्टरनं सांगितलं नाही तोवर ते कोड नव्हतं.

या काळात नाना सकाळी जेवण न करताच नदीकडं जाऊ लागले. कुठं जातात ते हरिबानं सांगितलं.

"नाना शिंपल्या वेचायलेत," तो म्हणाला.

"कशाला? आता कोण खातंय?"

"खायला न्हाई. चिखलातल्या जित्या शिंपल्या घमेल्यात घेतेत आन् पिंपळाच्या डोहात नेऊन सोडतेत. दिवसभर. म्या इचारलं, तर म्हणले, जेवढ्या शिजवल्या तेवढ्या तरी सोडू दे." हरिबानं डोक्यावरचं फडकं काढून तोंड पुसलं. "ऊन लई हाय बाई. तुमी सांगून बघा."

द्वारका दुपारी भाकरी बांधून नदीत उतरली. पात्र पांढरं पडलेलं, डोळे उघडवत नव्हते. नाना गुडघ्यावर बसून चिखलाचा पोपडा काडीनं उचकटत होते. शिंपली मिटलेली असली तर ती जिवंत. मिटलेली ते घमेल्यात ठेवायचे, उघडी पडलेली बाजूला. बाजूचा ढीग मोठा होता.

"मामा, घरी चला."

"हं. एवढं घमेलं हुतंय."

ती उभी राहिली. मग एकदम म्हणाली, "मामा, त्याच्यात काही नसतं. दुधानं कोड होत नाही. पुस्तकात आहे."

नानांची काडी थांबली. त्यांनी वर बघितलं. चेहऱ्यावर राग नव्हता. राग असता तर बरं झालं असतं.

"मग त्या दिशी कावून न्हाई म्हणलीस?"

तिनं घमेल्याकडं बघितलं. घमेल्यातली एक शिंपली किंचित उघडली आणि मिटली.

"तुझं चूक न्हाई," नाना म्हणाले. "लेकराचं आलं की मानूस भितंच. तू बीडहून ये. डॉक्टर म्हणंल ते खरं. तवर ही भाकर ठिव तिथं."

दुसऱ्याच दिवशी सकाळच्या गाडीनं ती बीडला गेली. नाना रस्त्यापर्यंत सोडायला आले. ईश्वरीनं त्यांच्याकडं हात पसरले, तेव्हा त्यांनी तिला घेतलं नाही, पण तिच्या चपलेचा सुटलेला पट्टा वाकून लावून दिला.

डॉक्टरीणबाईंनी पोरीचा गाल बघितला, खोलीतला दिवा मालवला आणि एक निळसर दिवा गालावर धरला. द्वारकानं पोरीचा हात धरला. दिवा लागला, मालवला, एवढंच.

"हे कोड नाही," बाई म्हणाल्या. "कोरडी कातडी आणि ऊन. पोटात जंत असतील तेही बघू. या दिवसांत शंभरातल्या वीस पोरांना असतं. खोबरेल लावा, तीन महिन्यांत कळणारसुद्धा नाही." आणि गालाकडं परत बघून, "ही निळी रेघ कसली?"

"मीच ओढली होती. किती वाढतं ते बघायला."

"किती वाढलं?"

द्वारकानं पहिल्यांदाच त्याचा विचार केला. "नाही वाढलं."

"मग?"

"दुधात मासळी शिजवून खाऊ घातली होती, मॅडम. त्यानं तर…"

"त्यानं वजन वाढतं," बाई चिठ्ठी लिहीत म्हणाल्या. "कोणी खाऊ घातलं? सांगा त्यांना, चालू ठेवा म्हणावं."

साडेअकरा वाजले होते. बसस्टँडवर गेवराईची गाडी लागायची होती. द्वारकानं फोन हातात घेतला, 'मामा' काढलं, आणि बोट तसंच ठेवून उभी राहिली. फोनवर सांगितलं तर ते बरं म्हणतील. बरं म्हणतील आणि समजतील, ही माझं मन राखायला बोलतीय, त्या दिवशी बोलली नाही ते आता बोलतीय. नाही. समोर बसून सांगायचं. पोरीला त्यांच्या मांडीवर ठेवायचं, चिठ्ठी हातात द्यायची, आणि डॉक्टरीणबाई जसं बोलल्या तसंच बोलून दाखवायचं. त्यांच्या तोंडावर काय उमटतं ते तिला बघायचं होतं. एवढं एक सुख तिला स्वतःसाठी हवं होतं. तिनं फोन पर्समध्ये टाकला आणि समोरच्या किराणा दुकानातून छटाकभर मिरे घेतले. घरातले संपले होते.

गेवराईला गाडी बदलली, उमापूरला काळीपिवळी मिळाली. ईश्वरी मांडीवर झोपलेली. उतरली तेव्हा वळणावर माणसं उभी होती. हरिबा पुढं आला, आणि त्याच्या हातात नानांचं घमेलं होतं.

"डोहाच्या अलीकडं पडले व्हते," तो म्हणाला. "बारा वाजून गेल्यावर. म्या पानी मारलं तोंडावर, सावलीला वढलं. जीपीत घालून उमापूरला नेलं. पर न्हाई."

ओट्यावर चादर होती. छबुबाई तिच्याजवळ बसून माशी वारत होत्या, जणू माशी बसली तर झोप मोडेल. द्वारका खाली बसली. तिला वाटलं होतं आपण ओरडू. ती तशीच बसून राहिली. पर्समधल्या मिऱ्यांचा वास येत होता.

मग हरिबानं नानांच्या बंडीच्या खिशातलं सामान आणून दिलं. तंबाखूची डबी, आणि फोन. जहाजावरची सवय म्हणून नाना फोन प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून दोऱ्यानं बांधून ठेवायचे. द्वारकानं दोरा सोडला. फोन चालू होता. नदीत रेंज होती. एकही मिस्ड कॉल नव्हता.

आपण फोन केला असता तर काय झालं असतं, हे तिनं नंतर हजार वेळा मांडून बघितलं. साडेअकराला ते पात्रात होते. फोन वाजला असता, त्यांनी दोरा सोडला असता, ऐकलं असतं, बरं म्हणाले असते. मग कदाचित घमेलं तिथंच ठेवून घरी आले असते. कदाचित नसतेही. पण ऐकलं तरी असतं.

तेराव्यानंतर पाहुणे पांगले तेव्हा तिनं छबुबाईंना सगळं सांगितलं. निळा दिवा, खोबरेल, चालू ठेवा म्हणाल्या ते. छबुबाई तांदूळ निवडत होत्या. त्यांनी एक खडा बोटानं ताटाच्या कडेला सारला.

"मला कावून सांगायलीस?" त्या म्हणाल्या. "त्येन्ला सांगायचं व्हतं." मग, ताटाकडंच बघत, "मी बी काय शहानी. मीच म्हणलं व्हतं, पांढरं फुटंल म्हणून."

सप्टेंबरात पाऊस झाला तो असा झाला की नदी दोन वेळा रस्त्यावर आली. म्हैस छावणीतून परत आली, दिवाळीच्या तोंडावर व्याली. संस्थेचं मशीन आता फॅट दाखवू लागलं. राधाकिशन कॅन घेताना नानांचं नाव काढायचा नाही, पण दूध मापल्यावर मापातलं सांडलेलं परत कॅनमध्ये ओतून द्यायचा. ईश्वरीच्या गालावरचा ठिपका कधी गेला ते रोज बघणाऱ्या द्वारकालाही सांगता आलं नसतं. एक दिवस तिनं उजेडात गाल धरला तर तिथं नुसता गाल होता.

पोरगी खात होती, पण पुन्हा घास साठवू लागली होती. कार्तिकात एकदा हरिबा ओंजळभर शिंपल्या ओट्यावर ठेवून गेला. डोहाच्या बाजूला मिळाल्या म्हणाला. द्वारकानं पातेलं माळ्यावरून काढलं आणि विटा मांडल्या.

पाण्याची आता वाण नव्हती. तिनं तीनदा पाणी बदललं. कांदा, बटाटा, कणीक, गाळलेलं पाणी, सगळं आठवत होतं तसं केलं. मग दूध ओतलं, आणि चुलीवरच दूध फाटलं. पिवळट पाणी आणि त्यात पांढऱ्या गुठळ्या. ईश्वरी वाकून म्हणाली, "हे नानाचं नाही."

द्वारका पातेल्याकडं बघत बसली. दूध घालताना नानांची पाठ असायची तिच्याकडं, तेवढंच तिचं बघायचं राहिलं होतं.

"खाली उतरवून," उंबऱ्यातून आवाज आला.

छबुबाई नाकाला पदर लावून उभ्या होत्या. "दूध येगळं तापवायचे त्ये, उकळू द्यायचे न्हाईत. ह्ये पातेलं खाली उतरवायचे, जरा दम खाऊ द्यायचे. मग दूध घालायचे, थोडं थोडं, डावली फिरवत. मीठ सगळ्यात शेवटी. परत चुलीवर न्हाई चढवायचे."

"तुम्हाला कसं माहीत, आत्या?"

"हितूनच बघायची की मी," छबुबाई म्हणाल्या.

निम्म्या शिंपल्या शिल्लक होत्या. दुसऱ्या वेळेला दूध फाटलं नाही. द्वारकानं बीडहून आणलेले मिरे कुटून वरून घातले. ईश्वरीनं पहिला चमचा गिळला, दुसरा गिळला, आणि मग वाटी दोन्ही हातांनी उचलून ओट्याकडं निघाली. "नानाला," ती म्हणाली.

ओट्यावर कोणी नव्हतं. तिनं इकडं तिकडं बघितलं. द्वारका उठणार तोच छबुबाई उंबरा ओलांडून आल्या. उभ्या जन्मात ज्या बाईनं वशाटाचं भांडं हातात धरलं नव्हतं, तिनं नातीच्या हातातून ती वाटी घेतली. "आन हिकडं. मी देऊन येते," म्हणाल्या. वाटी अंगापासून लांब धरून त्या नदीच्या वाटेला लागल्या.

द्वारका पोरीला कडेवर घेऊन काठापर्यंत गेली आणि थांबली. खाली, पिंपळाच्या वळणाशी, छबुबाई पाण्याजवळ पोचल्या होत्या. त्यांनी वाटी एका दगडावर ठेवली. मग उभं राहून त्या काहीतरी बोलू लागल्या. नदीच्या आवाजात शब्द ऐकू येत नव्हते. फक्त हात दिसत होता. बोटानं त्यांनी आपल्याच डाव्या गालावर, डोळ्याच्या खाली, एक लहानसा गोल काढला. मग तळहातानं तो पुसून टाकला. परत काढला, परत पुसला, ज्याला एकदा सांगून पटत नाही अशा माणसाला सांगावं तसं.